घर कुणाचं, दारात कोण

तळेगाव, ८ ऑक्टोबर

मेहबूब,

वर 'प्रिय' लिहिलं होतं, मग खोडलं. वर्षभर जो फोन उचलत नाही त्याला 'प्रिय' म्हणणं म्हणजे कुलपाला तोरण बांधणं. फोनवर तू मला बंद करून टाकलंस. पोस्टखात्याला अजून तसलं बटण सापडलेलं नाही, म्हणून हे पत्र.

एकच विचारायचंय. गेल्या शनिवारी तुझ्या हॅम्बुर्गच्या त्या थिएटरात, मागच्या रांगेतून 'आयला' कोण म्हणालं?

भुवया उंचावू नकोस. सविस्तर लिहितो, म्हणजे नाकारायला जड जाईल.

आमचा 'जागा बघतोय' तिथं दाखवला. आमचा म्हणजे दिग्दर्शन चैतालीचं आणि संवाद माझे. चैताली लोणावळ्याच्या चिक्कीवाल्यांची धाकटी, वयानं आपल्या निम्मी आणि हट्टानं दुप्पट. दर रविवारी पेपरात लोकांना चिमटे काढणाऱ्या माणसाकडे ती आली आणि म्हणाली, "काका, तुम्हाला टोमणे येतात, म्हणजे माणसं कशी बोलतात ते येत असणार." नाही म्हणता आलं नाही. गोष्ट तुला ठाऊक आहे. लोणावळ्याच्या हॉटेलात काम करणारा एक पोरगा भाड्यानं खोली शोधतोय. बोलतो अस्सल मावळी. कामशेतातली एक घरमालकीण त्याला ओट्यावर बसवते, चहा देते, नळाला पाणी कधी येतं ते सांगते. नाव विचारते. तो म्हणतो, समीर. बाई खूष. "आपल्यात बाबा दिवेलागणीच्या आत घरी यायची रीत हाय," असा दमसुद्धा देते. मग आडनाव विचारते. तो म्हणतो, मुलाणी. आणि ती म्हणते, "आमच्यात न्हाई जमायचं, बाळा."

'आपल्यात'चं 'आमच्यात' झालं. एवढंच. आवाज चढत नाही, कप हिसकावला जात नाही, 'बाळा'सुद्धा सुटत नाही. आख्ख्या सिनेमात मी केलेलं हे एकमेव काम, बाकी सगळं कॅमेऱ्यानं केलं. आणि खाली इंग्रजी सबटायटलात दोन्ही जागी एकच 'वी'! जर्मनमध्येही आपण आणि आम्ही एकच, असं तिथल्या बाईंनी हळहळून सांगितलं. इतकी बारीक यंत्रं बनवणारी माणसं, पण समोरच्याला आत घेतलं की उंबऱ्याबाहेर ठेवलं हे एका शब्दात सांगायची सोय त्यांच्याकडे नाही. आपल्याकडे आहे, पिढ्यान्‌पिढ्या वापरून गुळगुळीत झालेली. अभिमान धरावा की काय करावं, कळेना.

लोक रडले, नाही असं नाही. पण शेवटी, तो पोरगा बेगडेवाडीच्या रिकाम्या फलाटावर बसतो तेव्हा. नंतर एका समीक्षकानं उठून सांगितलं की ते फलाट म्हणजे एका राष्ट्राचा एकटेपणा आहे. चैतालीनं गंभीर चेहऱ्यानं मान हलवली. भर दुपारी बेगडेवाडीला कोणी उतरत नाही, शूटिंग बघायला गर्दी होत नाही, म्हणून ते निवडलं, हे मी सांगणार होतो. तिनं माझ्या पायावर पाय दिला.

तर त्या 'आमच्यात'ला सगळं थिएटर चहाकडे बघत होतं आणि मागून एकच आवाज आला. "आयला." हळू. गणिताचा पेपर हातात पडला की तू शाळेत काढायचास तसा.

दिवे लागल्यावर मी मागं धावलो. दारातून एक तपकिरी जाकीट बाहेर पडत होतं, डावा खांदा पडलेलं. त्या शहरात मराठी येणारे आणि डावा खांदा पडलेले किती असतील, तूच सांग.

राग कशाचा आहे ते ठाऊक आहे. चैतालीला तुझ्या घरी मी नेलं. ओटा, जिना, वरची खोली पाहून ती वेडी झाली आणि अम्मानं घर शूटिंगला देऊन टाकलं, तुला न विचारता. सिनेमातलं ते घर म्हणजे तुझं घर, हे कामशेतात कुत्र्यालाही ओळखू येईल. तू म्हणालास, "हार तुमच्या गळ्यात पडतील चिंत्या, दगड माझ्या आईच्या कौलांवर." त्यानंतर बोलणं बंद.

दगड पडलेले नाहीत. कळावं म्हणून लिहिलं.

चिंतामणी


तळेगाव, २९ ऑक्टोबर

मेहबूब,

उत्तर नाही. म्हणजे तूच होतास.

सिनेमा हिंडतोय. कोरियात गेला, कॅनडात गेला, ज्या देशात कोंबड्या आणि माणसं सारखीच कमी आहेत अशा एका बेटावरही गेला. प्रत्येक ठिकाणी पोस्टरवर बक्षिसाची ती पानांची माळ चिकटते. आता माळा इतक्या झाल्यात की धोंडाबाईचा चेहरा पानांच्या मागं गेला. होय, आपलीच धोंडाबाई, बोरं चोरताना आपले कान पिळणारी. घरमालकीण तीच झाली आहे. भातलावणी उरकून शूटिंगला यायची आणि चैतालीला म्हणायची, "आटप बाई, म्हशीची येळ झाली." परदेशी पेपरांनी तिला 'क्रौर्याचा शांत चेहरा' म्हटलंय. मी तिला ते वाचून दाखवलेलं नाही. मला अजून जगायचंय.

मागच्या आठवड्यात जग थेट कामशेतात आलं. एक परदेशी वार्ताहर, सोबत पुण्याची दुभाषी बाई. त्याला 'ते घर' बघायचं होतं. मी स्टेशनवरून घेऊन गेलो. ओट्यावर अम्मा शेंगा फोडत बसलेली. वार्ताहरानं ओटा पाहिला, म्हातारी पाहिली, आणि माझ्या तोंडून शब्द निघायच्या आत तो समजून चुकला. म्हणजे चुकलाच.

दुभाषी बाईंनी विचारलं, "आजी, हे विचारतायत, तुम्ही खोली का देत नाही?"

"कोन म्हनलं देत न्हाई?" अम्मा म्हणाली. "द्यायचीच हाय. पावसाळ्यात गळती, ते आदीच सांगते. मागनं कटकट नको."

तो भराभर लिहायला लागला. "मुसलमानांना द्याल का?"

अम्मानं माझ्याकडे पाहिलं, मग त्याच्याकडे. तो स्वतःसाठीच जागा बघतोय अशी तिची खात्री झाली असावी. "मानूस नेटका आसला तर देईन की. पन लय पावणेरावळे चालायचे न्हाईत."

"म्हणजे तुमचं मन बदललं?"

"मन कशाला बदलू? भाडं बदललंय."

शेवटी त्यानं नाव विचारलं. अम्मा म्हणाली, खातूनबी आतार. दुभाषी बाईंचं तोंड उघडं राहिलं. मग मी सगळं उलगडून सांगितलं. घर ह्यांचं, सिनेमातली बाई वेगळी, ती शेतावर आहे, आणि ती क्रूर नाही, फक्त खेकसते. बिचाऱ्याची एवढी तयार बातमी डोळ्यांदेखत नासली. जाताना त्यानं खिन्नपणे विचारलं, "म्हणजे सिनेमातलं हे घर खोटं?"

बाईंनी भाषांतर केलं. अम्मा चिडली. "घर खोटं? हात लावून बग म्हनावं त्याला!"

त्यानं खरंच हात लावला. हाताला रंग लागला. पुढची भिंत अम्मानं दिवाळीच्या तोंडावर रंगवून घेतली आहे, निळी. बरी दिसते.

बाकी सगळं ठीक.

चिंतामणी


तळेगाव, १४ नोव्हेंबर

मेहबूब,

गेल्या शुक्रवारी तू अम्माला फोनवर विचारलंस, "भिंत का रंगवली?" भिंतीला कान असतात हे ठाऊक होतं. हॅम्बुर्गात माझी पत्रं वाचणारे डोळेही असतात, हे नवीन.

बरं, ऐक. भिंतीवर कोणीतरी कोळशानं लिहिलं होतं, 'चालते व्हा.' सकाळी अम्मानं ते चष्मा लावून वाचलं आणि म्हणाली, "व्हा चा काना बग कसा दिलाय, शाळेत गेला न्हाई मेला." मग आत जाऊन बराच वेळ बाहेर आली नाही. मी पोचलो तेव्हा धोंडाबाई पदर खोचून भिंतीला रंग फासत होती. निळा, कारण तिच्या घरी तोच उरला होता. मला म्हणाली, "मेहबूबला कळवू नगंस. त्यो तितं झोपायचा न्हाई." म्हणून तुला निळी भिंत कळवली आणि कोळसा गिळला.

कारण तुला ठाऊकच असेल. तुझ्याही फोनवर तो मजकूर आला असेल: 'मावळच्या मातीची जगभर बदनामी'. पाठवणाऱ्या कोणीही सिनेमा पाहिलेला नाही. त्यांचा पुढारी निलेश, तोच, स्टेशनजवळ पिकअप लावतो तो. मी त्याला म्हटलं, "अरे, बघ तरी आधी." तर म्हणाला, "काका, घाण हाय ते बगायला हात घालावा लागतो का?" वाक्य चांगलं आहे. माझ्या बाजूनं असतं तर मी ते चोरलं असतं.

चैतालीचा हट्ट, की आपल्याकडचा पहिला खेळ कामशेतातच. परवानगी, प्रमाणपत्र, सगळं रीतसर आहे. पण मंगल कार्यालयाच्या मालकांनी अचानक पंख्यांची दुरुस्ती काढली. नोव्हेंबरात. मग गोरखनं आपल्या भाताच्या गिरणीचं गोडाऊन देऊ केलं. धोंडाबाई त्याची आत्या. म्हणाला, "आमच्या आत्याचा पिच्चर जगानं बगितला आन कामशेतानं बगायचा न्हाई, ह्ये कुटलं?" तर पुढच्या रविवारी, दुपारी, ताडपत्र्या लावून.

आणि तू सोमवारी गाडी पाठवतो आहेस. पुण्याच्या कोंढव्यात फ्लॅट घेतलास, अम्माला कायमची तिकडं हलवणार. कारण, फोनवर तूच म्हणालास तसं, "तिथं तू आपल्या लोकांत राहशील."

तिनं मला विचारलं, "चिंतू, आपले लोक मंजी कोन रं? तितं मला कोन वळखतं?"

मेहबूब, ह्या एका शब्दावर मी जगभर टाळ्या घेत हिंडलो. तो तुझ्याही तोंडून निघाला. टोमणा नाही हा, देवाशपथ. भिंत तुझ्या आईची आहे. कोळसा पुसायला आम्ही जातो, वाचावा तिला लागतो. तुझ्या जागी असतो तर मीही गाडीच पाठवली असती, आणि रविवारच्या आधी.

अम्मानं पेटी भरली आहे. निमूटपणे. अम्मा, आणि निमूटपणे! तिनं एवढंच मागितलं की सिनेमा बघून जाईन. तू हो म्हणालास, त्याबद्दल... असो.

निलेशनं पोरं जमवली आहेत, काळे झेंडे शिवून घेतलेत म्हणे. मी घाबरलोय. हे वाक्य माझ्या रविवारच्या मजकुरात कधी छापून येणार नाही, म्हणून तुला लिहितो.

चिंतामणी


तळेगाव, २४ नोव्हेंबर

मेहबूब,

आधी एवढं वाच: अम्मा धड आहे, घर धड आहे, आणि तू पाठवलेली गाडी आज सकाळी रिकामी परत गेली. ड्रायव्हरला तिनं पोहे खाऊ घातले. हे तुला फोनवर कळलंच असेल, पण का, ते तिला नीट सांगता येणार नाही. सांगताना तिला हसू येतं आणि कवळी सुटते.

आता टेकून बस.

काल जेवणं उरकून माणसं जमायला लागली. गिरणीच्या फाटकात निलेश आणि त्याची पोरं, काळे झेंडे घेऊन. सोबतीला एक हवालदार, तो आधी खुर्ची कुठंय ते बघत होता. चैताली आत प्रोजेक्टरशी झटापट करत होती. मी फाटकाशी उभा. गोरख म्हणत होता, "निल्या, शांततेत काय ते कर, भाताची पोती हाईत." तेवढ्यात रस्त्यानं दोघी आल्या. अम्मा आणि तिच्या हाताला धरून धोंडाबाई, ठेवणीतलं हिरवं नऊवारी, नाकात नथ.

धोंडाबाईनं झेंड्यांकडे पाहिलं. "निल्या, हितं काय करतूस? चपला राखाया ठिवलं का काय तुला?"

निलेश गडबडला. ती त्याची सख्खी मावशी. कामशेतात धोंडाबाईचा भाचा नसलेला माणूस शोधायला लोणावळ्याला जावं लागतं. "मावशे, तू कुटं निगालीस?"

"पिच्चर बगाया. माजा हाय."

"तुजा मंजी?"

"माजा मंजी माजा. मी हाय त्याच्यात. मोटी हाय, ह्या भिताडायवढी."

निलेशनं पोस्टरकडे पाहिलं. तिथं पानांच्या माळाच माळा. "हितं तर तुजा फोटू न्हाई."

"पाल्यामागं हाय. नीट बग."

त्यानं खरंच डोळे बारीक करून पाहिलं. मागं पोरांत कुजबुज सुरू झाली. "आयला, निल्याच्या मावशीचा पिच्चर!" "माजीबी आत्या हाय ती." निषेध कोणाचा करायचा हा प्रश्न आता घरगुती झाला. एकानं झेंडा गुंडाळून काखेत घातला आणि विचारलं, "तिकीट हाय का?" गोरख म्हणाला, "पावण्यांना कसलं तिकीट? चपला भाईर काडा." सगळे आत. हवालदार सगळ्यांत पुढं.

सिनेमा सुरू झाला. समीर लोणावळ्याच्या गल्ल्यांतून हिंडतोय, जागा बघतोय, लोक नाही म्हणतायत. मग कॅमेरा कामशेतात येतो आणि ते घर दिसतं. कौलं, ओटा, जिना. गोडाऊनभर एकच कालवा.

"आरं, ह्ये तर खातूनबीचं घर!"

"जिना बग, तुटकी पायरी बग!"

अम्मा म्हणाली, "व्हय, व्हय. गप बसा." पण मान ताठ.

मग ओट्यावर धोंडाबाई. शिट्ट्या. चहा. 'आपल्यात बाबा...' लोक हसतायत, तिच्या खेकसण्याला दाद देतायत. मी अंधारात खाली बघत होतो, कारण आता ते येणार होतं. समीरनं आडनाव सांगितलं. पडद्यावरची धोंडाबाई थोडी थांबली आणि म्हणाली, "आमच्यात न्हाई जमायचं, बाळा."

सबटायटल नको, भाषांतर नको. सगळ्या गोडाऊनला एकदम कळलं. जिची जगभर वाट बघितली ती शांतता मला भाताच्या पोत्यांमध्ये मिळाली. मी छाती भरून घेतली.

आणि पोत्यांवरून एका म्हाताऱ्याचा आवाज आला. "आगं धोंडे, घर कुनाचं आन दारात कोन?"

मला आधी कळेना. मग दुसरा, "खातूनबीच्या वट्यावर बसून मुलान्याच्या पोराला न्हाई म्हनतीस? तुजं काय हाय तितं?" तिसरी बाई, "तीच च्या देती, तिच्याच कपात, आन तिच्याच मानसाला हाकलती!"

मेहबूब, जगानं पाहिलं ते हे, की एक घरमालकीण एका पोराला खोली नाकारते. कामशेतानं तसं पाहिलंच नाही. त्यांना ते येतच नाही. त्यांना दिसलं, की धोंडाबाई परक्याच्या दारात मालकीण होऊन बसली आहे आणि ज्याचं घर त्यालाच पायरी उतरवते आहे. आम्ही केवढा आटापिटा करून जे सांगत होतो, ते ह्यांनी गोष्ट चुकीची समजून घेऊन आमच्यापेक्षा बरोबर पकडलं. चैताली प्रोजेक्टरपाशी तोंडावर हात ठेवून उभी होती.

धोंडाबाईला ते सहन होईना. प्रकाशाच्या झोतात उठून उभी राहिली, निम्मा सिनेमा तिच्या नऊवारीवर. "ए, ए! ह्ये मी मनानं न्हाई म्हनले! ह्या चिंतामनीनं ल्हिवलंय!"

सगळी डोकी माझ्याकडे वळली. हवालदाराचंसुद्धा. "काका, तुमी?" निलेश म्हणाला. अगदी निर्मळ धक्क्यानं. "खातूनचाचीच्या घराबद्दल आसं ल्हिवलं तुमी?"

काळे झेंडे गुंडाळलेले होते म्हणून बरं. नाहीतर ते मलाच दाखवले गेले असते.

अम्मा ओरडली, "बस गं खाली! फुडचं बगू दे!" आणि धोंडाबाईचा पदर ओढून तिला बसवलं. पुढचा सिनेमा सगळ्यांनी धोंडाबाईवर रुसून पाहिला. बेगडेवाडीच्या फलाटावर समीर एकटा बसला तेव्हा कोणी म्हणालं, "तितं कशाला बसलाय? म्हागारी ये म्हनावं, खातूनबी देईल की खोली." तो राष्ट्राचा एकटेपणा वगैरे कोणाच्या गावीही नव्हता.

संपल्यावर लोक अम्माभोवती जमले. सिनेमाबद्दल कोणी बोलेना, सगळे घराबद्दल. ती पायरी दुरुस्त कर. कौलं चाळून घे. तेवढ्यात कोणीतरी म्हणालं की चाची उद्या कोंढव्याला चालली कायमची. निलेश म्हणाला, "का?"

अम्मानं त्याच्याकडे पाहिलं. "भिताडावर ल्हिवलं व्हतं, चालते व्हा. म्हनून चालले."

निलेश लाल झाला. मला वाटतं, तो कोळसा त्याचा नव्हता. पण कोणाचा, ते त्याला ठाऊक असावं, कारण त्यानं मागं वळून एका पोराकडे असं पाहिलं की ते पोरगं हवालदाराच्या आड गेलं. मग खाली बघून म्हणाला, "चाची, घर तुमचं हाय. तुमाला कोन चालती करनार?"

गोष्ट एवढीच. भाषण नाही, माफी नाही, टाळ्या नाहीत. अम्मा घरी आली, पेटी उघडली, आणि मला म्हणाली, "सांडशी कुटं टाकली म्यां? च्या कसा उतरवू?"

मी हे लिहिताना हसतोय आणि सुस्कारे टाकतोय, आळीपाळीनं. आज बऱ्याच दिवसांनी भूक लागली आहे.

चिंतामणी


तळेगाव, ६ डिसेंबर

प्रिय मेहबूब,

ह्या वेळी खोडलं नाही.

काल तू अम्माला फोनवर विचारलंस म्हणे, "लोकांनी चिंत्याला मारलं तर नाही?" आणि खूप हसलास. अम्मा म्हणाली, "लय दिसांनी हसला." फ्लॅट भाड्यानं देणार आहेस हेही कळलं. जाहिरातीत काय लिहायचं ते नीट विचार करून लिही. शब्द सुचला नाही तर कळव, माझा त्या बाबतीत जगभर लौकिक आहे.

फार गोड होऊ नये म्हणून हेही ऐक. समीर झालेला आपला नट लोणावळ्यातच राहतो, म्हणजे राहायला बघतो. एका बंगल्याच्या मालकानं त्याच्यासोबत आनंदानं फोटो काढला, सिनेमा किती गरजेचा आहे ते सांगितलं, आणि खोली परवाच दुसऱ्याला दिली म्हणून कळवलं. पोरगा म्हणाला, "काका, आता नाव ऐकून नाही म्हणत नाहीत, चेहरा ओळखून म्हणतात. प्रगती आहे." परदेशात हे सांगितलं असतं तर आणखी एक पानांची माळ मिळाली असती. अम्मानं त्याला वरची खोली देऊ केली आहे. तो म्हणतो, लोणावळ्यात नोकरी, रोज जाऊन येऊन जमायचं नाही. शिवाय त्याला गळकी नको आहे. त्याचंही बरोबर आहे. नकार द्यायचा हक्क त्यालाही कधीतरी मिळायला हवा.

भिंतीवर परत काही उमटलेलं नाही. निलेश अजून तसले मजकूर पाठवतो, पण सिनेमाचा सोडून. मी विचारलं तर म्हणाला, "काका, त्यो विषय वेगळा, चाची वेगळी." ह्या वाक्यावर मी रविवारचं अख्खं पान लिहू शकलो असतो. नाही लिहिलं. सध्या ते वाक्य चाचीच्या दारात राखणीला उभं आहे, राहू दे.

आज दुपारी गेलो होतो. गोरखच्या गिरणीवरून नव्या तांदळाचं पोतं आलं, निलेशच्या पिकअपमधून. त्यानं ते पाठीवर घेतलं, उंबऱ्यात धापा टाकत उभा राहिला.

"चाची, एकटीला पोतंभर तांदूळ? कदी सरायचा?"

"आत्ता कोन खातंय?" अम्मा म्हणाली. "नवा हाय, नुसता चिकाट हुतो. वरीसभर जुना हू दे. फुडच्या साली पुलावाला काडू."

"फुडच्या साली?"

"मग? आन त्या फळीवर ठिव, भितीला टेकवू नगंस, ओल लागती."

त्यानं ठेवलं. तिनं हातानं पोतं थोपटलं, दोरी नीट बांधली आहे का पाहिलं, आणि मी निघताना मला फाटकातून परत बोलावलं.

"मेहबूबला लिव. फुडच्या साली जेवाया ये म्हनावं. आन आदीच आलास तर चिकाट भात मिळंल, तक्रार करायची न्हाई."

चिंतू